सेर्हिओ ओस्मेन्या यांचे चरित्र मराठीत कसे लिहावे

फिलिपिन्सचे राजकीय नेते सेर्हिओ ओस्मेन्या यांच्यावर चरित्रनोंद लिहायला बसले की तासाभरात पदांची माळ तयार होते: वकील, सरकारी वकील, गव्हर्नर, सभापती, सिनेटर, उपाध्यक्ष, अध्यक्ष. जन्म ९ सप्टेंबर १८७८, मृत्यू १९ ऑक्टोबर १९६१. मधल्या तारखाही फार शोधाव्या लागत नाहीत. त्या एकामागून एक वाक्यांत ओवल्या की काम झाले असे वाटते, आणि नोंद नेमकी तिथे फसते. यातले प्रत्येक पद मराठी वाचकाला नावाने ओळखीचे आहे, पण त्याच्या मनातला अर्थ वेगळा आहे. ‘गव्हर्नर’ म्हटले की त्याला मुंबई इलाख्याचा गोरा गव्हर्नर दिसतो, ‘कॉमनवेल्थ’ म्हटले की ब्रिटिश राष्ट्रकुल, ‘सभापती’ म्हटले की सभागृहात शिस्त राखणारा तटस्थ माणूस. ओस्मेन्यांच्या बाबतीत यातला एकही अर्थ लागू पडत नाही.

म्हणून एक नियम पहिल्या ओळीपासून पाळा. कोणतेही पद लिहिण्याआधी त्या पदावरच्या माणसाला काय करता येत होते आणि काय करता येत नव्हते, हे एका वाक्यात सांगा. अमेरिकी अमलातल्या फिलिपिन्समध्ये प्रत्येक पदाभोवती वॉशिंग्टनमध्ये मंजूर झालेल्या एखाद्या कायद्याचे कुंपण होते. ते कुंपण दाखवले नाही तर ओस्मेन्या एक तर देशाचे सर्वेसर्वा वाटतात, नाही तर अमेरिकेच्या हातातले बाहुले. ते वकील होते. कुंपण कुठे आहे आणि त्यात फट कुठे आहे हे ओळखण्यातच त्यांची चाळीस वर्षे गेली.

पुढची पद्धत सुमारे १,२०० शब्दांच्या नोंदीसाठी आहे. मोठा लेख लिहायचा असेल तरी क्रम हाच ठेवा.

कागदाचे दोन रकाने

कागदावर मधोमध रेघ ओढा. डावीकडे ओस्मेन्यांच्या आयुष्यातील घटना लिहा, उजवीकडे त्या दिवशी लागू असलेला कायदा. उजवीकडे चारच नोंदी लागतात: १ जुलै १९०२ चा फिलिपिन्सचा ऑर्गॅनिक ॲक्ट (राज्यकारभाराची चौकट ठरवणारा कायदा), २९ ऑगस्ट १९१६ चा जोन्स कायदा, २४ मार्च १९३४ चा टायडिंग्ज-मॅक्डफी कायदा आणि १९३५ ची राज्यघटना, तिच्या १९४० च्या दुरुस्त्यांसह. पहिले तीन अमेरिकी काँग्रेसने केले. चौथी फिलिपिनो लोकांनी लिहिली, तरी २३ मार्च १९३५ रोजी तिला अध्यक्ष रूझवेल्ट यांची मान्यता घ्यावी लागली आणि त्यानंतर १४ मे रोजी सार्वमत झाले.

हा कागद समोर असला की एक नेहमीची चूक आपोआप टळते. ‘१९०७ मध्ये ते प्रतिनिधिगृहाचे सभापती झाले’ असे वाक्य सर्रास लिहिले जाते. १९०७ मध्ये प्रतिनिधिगृह अस्तित्वातच नव्हते. होती ती १९०२ च्या कायद्याने ठरवलेली ‘फिलिपिन असेंब्ली’. प्रतिनिधिगृह आले ते १९१६ च्या जोन्स कायद्याने. ओस्मेन्या १९०७ ते १९१६ असेंब्लीचे आणि १९१६ ते १९२२ प्रतिनिधिगृहाचे सभापती होते. दोन्ही वेगवेगळे लिहा. मधल्या बदलाला अर्थ आहे, तो पुढे येईल.

कायद्यात काय आहे ते मूळ कायद्यातूनच घ्या, चरित्रकाराच्या सारांशातून नको. कारभार चालवणाऱ्या फिलिपिन कमिशन या सरकारनियुक्त मंडळाचे वार्षिक अहवाल तपशिलाने भरलेले आहेत, पण ते राज्यकर्त्यांनी वॉशिंग्टनमधल्या वरिष्ठांसाठी लिहिलेले आहेत. त्यातले आकडे आणि तारखा वापरा. फिलिपिनो लोकांविषयीची विशेषणे उचलू नका, उचललीच तर ती कोणाची आहेत ते सांगा. असेंब्लीचे कामकाज स्पॅनिशमध्ये चाले. इंग्रजी भाषांतरातून मराठीत आणलेले वाक्य अवतरणचिन्हांत घालू नका. दोन भाषांतरांनंतर ते त्यांचे शब्द राहत नाहीत.

नावे आणि उच्चार

इथे घाई केली तर सगळी नोंद परकी वाटते. स्पॅनिशमध्ये इ किंवा ए या स्वरांआधी आलेला ‘जी’ घशातून ‘ह’ होतो, म्हणून ‘सर्जिओ’ नव्हे, सेर्हिओ. हा रफार आहे, कऱ्हाडातला ऱ्ह नाही. आडनावातल्या ‘एन’वर नागमोडी रेघ असते, तिचा उच्चार ‘न्य’. ‘ओस्मेना’ चूक, ओस्मेन्या बरोबर. इंग्रजी टंकात ती रेघ गळते आणि मराठीत ‘ओस्मेना’ येतो, म्हणून मूळ स्पेलिंग एकदा डोळ्यांनी पाहून घ्या. त्यांच्या दीर्घकाळच्या सहकाऱ्याचे आणि प्रतिस्पर्ध्याचे नाव मराठीत ‘क्वेझॉन’ असे लिहिलेले आढळते. उच्चार ‘केसोन’च्या जवळ जातो. ‘रोक्सास’ दिसते त्या स्पेलिंगचा उच्चार रोहास. शहर सेबू, राजवाडा मालाकान्यांग, बेट लेइते. ‘क्वेझॉन’ इतके रुळलेले आहे की पहिल्या उल्लेखात ‘मानुएल केसोन (क्वेझॉन)’ असे एकदा लिहून पुढे केसोन ठेवणे चांगले. शोधणाऱ्याला नोंद सापडते आणि वाचणाऱ्याला खरा उच्चार कळतो.

स्पॅनिश पद्धतीत आधी वडिलांचे आडनाव आणि मग आईचे येते. ओस्मेन्यांच्या बाबतीत हा नियम लावू नका. त्यांचा जन्म विवाहबाह्य होता आणि त्यांनी आई हुआना ओस्मेन्या यांचे आडनाव लावले. हे एका साध्या वाक्यात सांगून पुढे चला. वडील कोण यावरच्या तर्कांना चरित्रनोंदीत जागा नाही. लपवूही नका, लपवले तर ‘वडिलांचे नाव ओस्मेन्या’ असे कोणीतरी नंतर भरून टाकतो.

आडनाव स्पॅनिश आहे म्हणून माणूस स्पॅनिश वंशाचा, असा निष्कर्ष काढू नका. २१ नोव्हेंबर १८४९ रोजी गव्हर्नर-जनरल क्लाव्हेरिया यांनी हुकूम काढून एका छापील यादीतून आडनावे वाटण्याची व्यवस्था केली. फिलिपिन्समधली स्पॅनिश वळणाची असंख्य आडनावे त्या हुकमानंतरची आहेत. ओस्मेन्या घराणे सेबूच्या पारियान भागातले, चिनी-फिलिपिनो मिश्र वंशाच्या व्यापारी वर्गातले.

नातेवाइकांचा गोंधळ आणखी एक. १९६९ मध्ये फेर्दिनांद मार्कोस यांच्याविरुद्ध अध्यक्षपदाची निवडणूक लढवून हरले ते सेर्हिओ ओस्मेन्या धाकटे, म्हणजे यांचे पुत्र. पुढे सिनेटर झालेले सेर्हिओ तिसरे हे नातू. छायाचित्र निवडताना सालाकडे पाहा.

पक्षाचे नाव ‘नासिओनालिस्ता’ असेच ठेवा. भाषांतर करून ‘राष्ट्रवादी’ लिहिले तर महाराष्ट्रातल्या वाचकापुढे दुसराच पक्ष उभा राहतो.

वकिली आणि सेबू

या भागाला ३०० शब्दांपेक्षा जास्त देऊ नका. सेबूच्या सान कार्लोसमध्ये शिक्षण, मग मानिलात सान हुआन दे लेत्रान. तिथे केसोन भेटले. दोघे एकाच वर्षी, तीन आठवड्यांच्या अंतराने जन्मलेले. कायद्याचे शिक्षण सांतो तोमास विद्यापीठात. मध्ये स्पेनविरुद्धचा उठाव, १८९८ चे स्पेन-अमेरिका युद्ध आणि त्यानंतरचे फिलिपिनो-अमेरिकी युद्ध यांमुळे शिक्षण खंडित झाले. १९०३ च्या वकिलीच्या परीक्षेत ओस्मेन्या दुसरे आले, केसोन चौथे. हा तपशील गाळू नका, कारण पुढची चाळीस वर्षे हे दोघे एकमेकांच्या मागेपुढेच चालतात.

त्याआधी १९०० मध्ये त्यांनी सेबूत ‘एल न्वेबो दिया’ (नवा दिवस) हे स्पॅनिश वृत्तपत्र काढले होते. राफाएल पाल्मा आणि हाइमे दे बेय्रा हे सोबत होते. युद्ध चालू होते, अमेरिकी लष्कराची सेन्सॉरशिप होती. काय छापता येईल आणि काय नाही, याचा रोजचा अंदाज घेण्याची ही शाळाच होती. ओस्मेन्यांचा स्वभाव समजून घ्यायचा तर सभापतिपदापेक्षा या वृत्तपत्रापाशी थोडे थांबावे.

‘फिस्काल’ हा शब्द आला की ‘आर्थिक अधिकारी’ असे भाषांतर होण्याचा धोका असतो. फिस्काल म्हणजे प्रांताचा सरकारी वकील. १९०४ मध्ये सेबूचे गव्हर्नर हुआन क्लिमाको सेंट लुइसच्या प्रदर्शनासाठी अमेरिकेला गेले तेव्हा ओस्मेन्यांनी हंगामी गव्हर्नर म्हणून काम पाहिले. मग ते सरकारी वकील झाले. १९०६ मध्ये गव्हर्नर म्हणून निवडून आले. हंगामी आणि निर्वाचित यांतला फरक ठेवा, नाही तर दोन सालांचा घोळ होतो.

आता ‘गव्हर्नर’चे कुंपण. सेबू प्रांत साधारण सिंधुदुर्ग जिल्ह्याएवढा. १९०६ ची निवड थेट जनतेच्या मताने झालेली नव्हती. नगरपालिकांत निवडून आलेले सदस्य गव्हर्नर निवडत. प्रांताच्या मंडळात गव्हर्नरच्या शेजारी नेमलेला खजिनदार बसे आणि तो बहुधा अमेरिकी असे. म्हणजे लोकांचा माणूस खुर्चीवर आणि तिजोरीची किल्ली दुसऱ्याकडे. एवढे एक वाक्य लिहिले की वाचक पुन्हा कधी या पदाची गल्लत गव्हर्नर-जनरलशी करत नाही. गव्हर्नर-जनरल मानिलात बसे, त्याची नेमणूक अमेरिकेचे अध्यक्ष करत. एकाच परिच्छेदात दोघे आले तर दर वेळी पूर्ण पदनाम लिहा. १९०६ मध्येच मानिलात सर्व प्रांतांच्या गव्हर्नरांची परिषद भरली आणि तिचे अध्यक्षपद ओस्मेन्यांकडे आले. सेबूबाहेर त्यांचे नाव झाले ते इथे.

सभापतिपद: नोंदीचा कणा

एकूण शब्दांचा चौथा हिस्सा इथे खर्च करा. ३० जुलै १९०७ च्या निवडणुकीत ८० प्रतिनिधी निवडले गेले. मतदार फक्त पुरुष, वय किमान २३, आणि तीनपैकी एक पात्रता हवी: इंग्रजी किंवा स्पॅनिश लिहितावाचता येणे, ५०० पेसोंची स्थावर मालमत्ता किंवा ठरावीक कर, किंवा स्पॅनिश काळात नगरपालिकेत पद भूषवलेले असणे. नोंदलेले मतदार एक लाखाच्या थोडे वर, लोकसंख्येच्या दीड टक्क्याहूनही कमी. ‘जनतेने निवडून दिले’ असे लिहिण्याआधी ही संख्या लिहा. पक्षनिहाय जागांचा आकडा मात्र टाळा. अपक्ष आणि स्वातंत्र्यवादी गट निवडणुकीनंतर एकमेकांत मिसळले, त्यामुळे तो आकडा कोणत्या दिवशी मोजला यावर बदलतो. बहुमत नासिओनालिस्तांचे होते, एवढे पुरे.

१६ ऑक्टोबर १९०७ रोजी मानिलाच्या ग्रँड ऑपेरा हाउसमध्ये असेंब्लीचे उद्घाटन झाले. त्यासाठी अमेरिकेचे युद्धमंत्री विल्यम हॉवर्ड टाफ्ट आले होते. ओस्मेन्या सभापती झाले तेव्हा वय २९, आणि केसोन बहुमताच्या गटाचे नेते झाले.

कायद्याने ही असेंब्ली म्हणजे कनिष्ठ सभागृह. वरिष्ठ सभागृह म्हणजे फिलिपिन कमिशन, सगळे सरकारनियुक्त आणि त्या वेळी बहुसंख्य अमेरिकी. राज्यकारभारही तेच चालवत. मुंबई इलाख्याच्या कायदेमंडळामुळे मराठीत रुळलेले ‘लोकनियुक्त’ आणि ‘सरकारनियुक्त’ हे दोन शब्द इथे नेमके बसतात, तेच वापरा. दोन्ही सभागृहांनी मान्य केल्याशिवाय कायदा होत नसे. दक्षिणेतल्या मुस्लिम मोरोंच्या आणि ‘ख्रिस्तेतर’ म्हणून वेगळ्या काढलेल्या प्रदेशांसाठी कायदे करण्याचा अधिकार एकट्या कमिशनला होता, त्यात असेंब्लीला शब्दही नव्हता. झालेला कायदा रद्द करण्याचा अधिकार अमेरिकी काँग्रेसकडे होता.

सर्वांत महत्त्वाचे कलम अंदाजपत्रकाचे. जगभर लोकनियुक्त सभागृहाचे हत्यार म्हणजे पैसा अडवून धरणे. १९०२ च्या कायद्याने ते आधीच बोथट करून ठेवले होते: अंदाजपत्रक मंजूर झाले नाही तर मागच्या वर्षीच्या रकमा पुढे चालू राहतील. पुढे अंदाजपत्रकावरून दोन सभागृहांचे बिनसले तेव्हा सरकार थांबले नाही, ते याच कलमामुळे. हे कलम नोंदीत नसेल तर ‘ओस्मेन्यांनी अमेरिकी सत्तेला आणखी कडवा विरोध का केला नाही’ हा वाचकाचा प्रश्न अनुत्तरित राहतो.

मग सभापतीचे बळ कशात होते? देशात लोकनियुक्त असे एकच सभागृह, त्याचा प्रमुख म्हणून गव्हर्नर-जनरलच्या खालोखाल त्यांचे वजन. शिवाय ते बहुमताच्या पक्षाचेही पुढारी. समित्यांवर कोण बसणार, कोणते विधेयक कधी येणार, हे त्यांच्या हाती. तटस्थ सभापतीची आपली कल्पना इथे सोडून द्यावी लागते. हे पद अमेरिकी प्रतिनिधिगृहाच्या सभापतीच्या वळणाचे होते, म्हणजे सत्ताधारी पक्षाचा सेनापती.

एक ठोस उदाहरण द्या. १९०७ चा गाबाल्दोन कायदा हा असेंब्लीने केलेला पहिला कायदा, आणि त्यात गावोगावच्या शाळांच्या इमारतींसाठी १० लाख पेसोंची तरतूद होती. या संदर्भात भेटणारा ‘बार्रिओ’ म्हणजे नगरपालिकेच्या हद्दीतले लहान गाव. ‘वाडी’ म्हटले तरी चालेल. पेसोचे आजच्या रुपयांत रूपांतर करू नका, ते नेहमी फसवे निघते. १९०३ पासून २ पेसो म्हणजे १ डॉलर असा दर बांधलेला होता, तेवढे कंसात द्या.

१९१३ मध्ये गव्हर्नर-जनरल हॅरिसन आले आणि कमिशनमध्ये प्रथमच फिलिपिनो बहुमत झाले. १९१६ च्या जोन्स कायद्याने कमिशन कायदेमंडळातून गेले आणि २४ जणांचे सिनेट आले. त्यातही बाराव्या मतदारसंघाचे दोन सिनेटर गव्हर्नर-जनरल नेमत. स्वातंत्र्याचे वचन जोन्स कायद्याच्या उद्देशिकेत आहे, कलमांत नाही, आणि तेही ‘स्थिर सरकार स्थापन होताच’ या अटीवर. ‘जोन्स कायद्याने स्वातंत्र्य दिले’ असे लिहाल तर पुढच्या तीस वर्षांची धडपड निरर्थक ठरते. नकाराधिकाराची साखळीही सांगा: गव्हर्नर-जनरलने विधेयक फेटाळले आणि दोन-तृतीयांश मतांनी ते पुन्हा मंजूर केले, तरी शेवटचा शब्द अमेरिकेच्या अध्यक्षांचा.

या कायद्याने ओस्मेन्यांचा एक तोटा झाला, तो फारसा कोणी लिहीत नाही. असेंब्ली हे एकमेव लोकनियुक्त सभागृह राहिले नाही. सिनेटचे अध्यक्षपद केसोन यांच्याकडे गेले आणि देशात दोन लोकनियुक्त पुढारी झाले. १९२२ च्या फुटीचे बी इथे आहे.

१९२२

थोडक्यात उरका. केसोन यांनी ओस्मेन्यांच्या एकखांबी नेतृत्वावर टीका केली. पक्ष ‘कोलेक्तिबिस्ता’ (सामूहिक नेतृत्ववाले) आणि ‘उनिपर्सोनालिस्ता’ (एकनेतृत्ववाले) असा फुटला. ओस्मेन्या सिनेटमध्ये गेले, प्रतिनिधिगृहाचे सभापतिपद मानुएल रोहास यांना मिळाले, केसोन पहिल्या क्रमांकावर आले. लवकरच दोघे पुन्हा एकत्र आले. १९२३ मध्ये गव्हर्नर-जनरल लेनर्ड वुड यांच्याशी झालेल्या संघर्षात ते एकाच बाजूला होते. ही फूट तत्त्वाची की सत्तेची, याचा निकाल नोंदीत देऊ नका. सभापतिपद आणि सिनेटचे अध्यक्षपद यांतले मोठे कोणते, हा प्रश्न कायद्याने सोडवलेला नव्हता, एवढे दाखवा.

दोन कायदे, एकच मजकूर

सर्वाधिक चुका इथे होतात, कारण एका वर्षाच्या अंतराने दोन जवळजवळ सारखे कायदे झाले. ओस्मेन्या आणि रोहास यांचे शिष्टमंडळ (‘ओस-रोक्स मिशन’) १९३१ च्या अखेरीस वॉशिंग्टनला गेले. त्यांनी मिळवला तो हेअर-हॉज-कटिंग कायदा. अध्यक्ष हूव्हर यांनी तो नाकारला. जानेवारी १९३३ मध्ये काँग्रेसने तो नकार ओलांडून कायदा केला. पण अमलात येण्यासाठी फिलिपिन कायदेमंडळाची संमती हवी होती. केसोन विरोधात उभे राहिले आणि ऑक्टोबर १९३३ मध्ये कायदेमंडळाने तो नाकारला. रोहास यांचे सभापतिपद गेले, ओस्मेन्यांचे सिनेटमधले उपाध्यक्षीय स्थानही गेले. मग केसोन स्वतः वॉशिंग्टनला गेले आणि टायडिंग्ज-मॅक्डफी कायदा घेऊन आले.

दोन्हींची तुलना एका परिच्छेदात मांडा. दोन्हींत दहा वर्षांचा संक्रमणकाळ. दोन्हींत अमेरिकेत करमुक्त जाणाऱ्या मालाला मर्यादा: कच्ची साखर ८ लाख टन, खोबरेल २ लाख टन. दोन्हींत अमेरिकेत स्थलांतराचा कोटा वर्षाला ५० माणसे. ठळक फरक एकच: पहिल्या कायद्यात स्वातंत्र्यानंतरही अमेरिकेचे लष्करी तळ राहणार होते, दुसऱ्यात लष्करी तळ वगळले आणि नाविक तळांचा प्रश्न पुढच्या वाटाघाटींवर सोडला. हे आकडे शेजारी ठेवले की वाचकाला कळते की ओस्मेन्यांनी आणलेलेच बरेचसे पुढे केसोन यांच्या नावावर जमा झाले. विशेषण लावायची गरज उरत नाही.

‘कॉमनवेल्थ’ला ‘राष्ट्रकुल’ कधीही म्हणू नका. पहिल्या उल्लेखात ‘फिलिपिन कॉमनवेल्थ, म्हणजे स्वातंत्र्यापूर्वीचे दहा वर्षांचे स्वायत्त सरकार’ असे लिहा. सप्टेंबर १९३५ च्या निवडणुकीत केसोन अध्यक्ष आणि ओस्मेन्या उपाध्यक्ष झाले. शपथविधी १५ नोव्हेंबर १९३५. शिक्षण खातेही ओस्मेन्यांकडे आले. स्वातंत्र्य ४ जुलै १९४६ लाच का, याचे उत्तरही कायद्यात आहे: सरकार स्थापन झाल्यापासून दहा वर्षे पूर्ण झाल्यावर येणारा पहिला ४ जुलै. १५ नोव्हेंबर १९४५ ला दहा वर्षे भरली, पुढचा ४ जुलै १९४६ चा. आज फिलिपिन्स स्वातंत्र्यदिन १२ जूनला पाळतो, तो १८९८ च्या घोषणेचा. हा बदल १९६२ मध्ये, ओस्मेन्यांच्या मृत्यूनंतर झाला.

नोव्हेंबर १९४३

जपानी आक्रमणानंतर कॉमनवेल्थचे सरकार मानिलाच्या उपसागरातल्या कोर्रेगिदोर बेटावरून निघून अखेर वॉशिंग्टनला गेले. १९४० च्या घटनादुरुस्तीने अध्यक्षाला सलग आठ वर्षांची कमाल मर्यादा घातली होती. केसोन यांची आठ वर्षे १५ नोव्हेंबर १९४३ ला भरत होती. त्यानंतर उरलेल्या मुदतीसाठी, म्हणजे ३० डिसेंबर १९४५ पर्यंत, अध्यक्षपद ओस्मेन्यांचे होते. कायदा स्वच्छ त्यांच्या बाजूने होता. केसोन क्षयाने अंथरुणाला खिळलेले आणि पद सोडायला तयार नव्हते. ओस्मेन्यांनी स्वतः पुढाकार घेऊन अमेरिकी काँग्रेसला विनंती केली की युद्ध संपेपर्यंत हे उत्तराधिकाराचे कलम स्थगित ठेवावे. तो ठराव मंजूर झाला आणि रूझवेल्ट यांनी त्यावर १२ नोव्हेंबरला सही केली, मुदतीला तीन दिवस उरले असताना.

हा प्रसंग ‘त्याग’ या एका शब्दात गुंडाळू नका. आधी कलम, मग तारीख, मग विनंती, मग सही, या क्रमाने सांगा. आयुष्यभर कायद्याच्या चौकटीत राहून हक्क मागणाऱ्या वकिलाने स्वतःच्या हक्काचे कलम स्वतःच बाजूला ठेवायला लावले, आणि तेही कायद्याच्याच मार्गाने. सगळ्या चरित्रात जास्तीत जास्त काळजीने लिहावा असा हा परिच्छेद आहे. त्याला ८० शब्द तरी द्या.

अध्यक्षपद

१ ऑगस्ट १९४४ रोजी केसोन न्यूयॉर्क राज्यातल्या सॅरनॅक लेक इथे वारले आणि त्याच दिवशी वॉशिंग्टनमध्ये ओस्मेन्यांनी शपथ घेतली. २० ऑक्टोबरला ते अमेरिकी सेनापती जनरल मॅकार्थर यांच्यासोबत लेइतेच्या किनाऱ्यावर उतरले. २३ ला ताक्लोबानमध्ये नागरी सरकार पुन्हा स्थापन झाल्याचे जाहीर झाले. मानिलात मालाकान्यांगमध्ये सरकार सोपवण्याचा समारंभ २७ फेब्रुवारी १९४५ ला झाला, तेव्हा शहरात लढाई अजून चालू होती.

क्रमांक लिहिताना सांभाळा. अधिकृत यादीत ओस्मेन्या चौथे: आगिनाल्दो, केसोन, लाउरेल, ओस्मेन्या. होसे लाउरेल जपानी अमलाखालच्या प्रजासत्ताकाचे ऑक्टोबर १९४३ पासून ऑगस्ट १९४५ पर्यंत अध्यक्ष होते, म्हणजे वर्षभर ते आणि ओस्मेन्या एकाच वेळी अध्यक्ष होते. ‘लाउरेल यांच्यानंतर ओस्मेन्या आले’ असे म्हणू नका. दोघांची सरकारे वेगवेगळ्या कायद्यांतून आलेली आहेत, आणि तुमच्या उजव्या रकान्यात लाउरेल यांचे सरकार बसत नाही.

पदाचे कुंपण इथेही सांगा: खजिना रिकामा, राजधानी उद्ध्वस्त, सैन्य मॅकार्थर यांच्या हुकमात. जपान्यांशी सहकार्य केल्याच्या आरोपांचा प्रश्न ओस्मेन्यांच्या दाराशी आला. लाउरेल यांच्या सरकारात काम केलेल्या रोहास यांना मॅकार्थर यांनी मोकळे केले, आणि तेच रोहास २३ एप्रिल १९४६ च्या निवडणुकीत ओस्मेन्यांसमोर उभे राहिले. ओस्मेन्यांनी प्रचार जवळजवळ केलाच नाही. आपली चाळीस वर्षांची सेवा लोकांना माहीत आहे, अशी त्यांची भूमिका होती. मते साधारण ५४ विरुद्ध ४६ टक्के. २८ मे ला रोहास यांनी सूत्रे घेतली, त्यामुळे ४ जुलैच्या स्वातंत्र्य-समारंभाचे अध्यक्ष रोहास होते. म्हणून ‘स्वतंत्र फिलिपिन्सचे अध्यक्ष ओस्मेन्या’ हे वाक्य चूक आहे. ते कॉमनवेल्थचे दुसरे अध्यक्ष.

शब्दांची वाटणी आणि शेवटची तपासणी

१,२०० शब्दांची वाटणी अशी ठेवा: जन्म आणि नाव ८०, शिक्षण आणि वृत्तपत्र १२०, सेबू १००, सभापतिपद ३००, फूट १००, दोन कायदे २००, उपाध्यक्षपद आणि १९४३ मिळून १५०, अध्यक्षपद १२०, शेवट ३०. सभापतिपदाचे शब्द कापून युद्धाला देण्याचा मोह होतो, कारण युद्धाची माहिती मुबलक आहे. तो टाळा, युद्धातले नाट्य मॅकार्थर यांच्याभोवती फिरते आणि ओस्मेन्या स्वतःच्याच नोंदीत मागे पडतात.

चित्रासाठी ५० पेसोंची कागदी नोट सोयीची आहे. २०१० च्या मालिकेतल्या नोटेवर त्यांच्या चेहऱ्याजवळ पहिली असेंब्ली आणि लेइतेच्या किनाऱ्यावर उतरणे अशी दोन दृश्ये आहेत. चित्राखालच्या ओळीत दोन्ही साले द्या, १९०७ आणि १९४४.

शेवटी प्रत्येक वय हाताने मोजा. जन्म ९ सप्टेंबरचा असल्याने नुसती साले वजा केली की चूक होते: १ ऑगस्ट १९४४ ला ते ६५ वर्षांचे होते, ६६ नव्हे, एप्रिल १९४६ ला ६७, मृत्यूसमयी ८३. मग प्रत्येक पदनामावर बोट ठेवून विचारा: या पदाला काय करता येत नव्हते, हे याच परिच्छेदात आले आहे का? जिथे आलेले नाही तिथे एक वाक्य वाढवा आणि तेवढीच विशेषणे काढून टाका.